नट मंत्री झाला, नाट्यगृहाचं काय झालं?

६ ऑगस्ट २०२४ रोजी स्लोवाकियाच्या सांस्कृतिक मंत्री मार्टिना शिम्कोविचोवा यांनी ब्रातिस्लावातल्या राष्ट्रीय नाट्यगृहाचे महासंचालक माटेय द्रलिच्का यांना पदावरून काढलं. दुसऱ्याच दिवशी राष्ट्रीय कलादालनाच्या प्रमुख अलेक्झांड्रा कुसा यांना घरी बसवलं. द्रलिच्कांवरच्या आरोपांत ‘राजकीय सक्रियता’ हा एक आरोप होता. तो करणाऱ्या बाई स्वतः टीव्हीवर बातम्या देता देता राजकारणात आलेल्या, हे सांगायला हवं. पुढच्या आठवड्यात ब्रातिस्लावाच्या रस्त्यांवर हजारो माणसं उतरली. नाटक संपल्यावर नट पडद्यापुढं येऊन निषेधाची निवेदनं वाचू लागले.

अशा वेळी कुठल्याही देशात एक वाक्य हमखास ऐकू येतं: नटानं नाटक करावं, राजकारणात पडू नये. त्याला उत्तर म्हणून दुसऱ्या बाजूचं वाक्यही ठरलेलं असतं. सांस्कृतिक खातं कलावंताच्याच हाती द्या, म्हणजे सगळं सुरळीत होईल. मला ही दोन्ही वाक्यं सारखीच भाबडी वाटतात, आणि ती तपासून पाहायला स्लोवाकियाइतका चांगला देश सापडणार नाही. जेमतेम पंचावन्न लाख वस्तीच्या या देशात १९८९ नंतर नट मंत्री झाले, राजदूत झाले, राष्ट्राध्यक्षपदाला उभे राहिले. ‘मार्केता लाझारोवा’ या १९६७च्या चित्रपटाची नायिका मागदा वाशारिओवा व्हिएन्नात चेकोस्लोवाकियाची राजदूत होती आणि १९९९ साली तिनं राष्ट्राध्यक्षपदाची निवडणूक लढवली. पण या सगळ्यांत सर्वांत लांब, सर्वांत वादळी आणि म्हणूनच सर्वांत बोधक राजकीय कारकीर्द मिलान क्न्याश्को यांची.

नट आणि राजकारण म्हटलं की आपल्याला एमजीआर आणि एनटीआर आठवतात. ती तुलना इथं लागू पडत नाही. तिथं पडद्यावरच्या देवत्वावर आणि चाहत्यांच्या मंडळांवर पक्ष उभा राहिला. क्न्याश्कोंची गोष्ट सरकारी पगारावरच्या एका रंगभूमीतून सुरू होते.

त्यांचा जन्म १९४५चा, होर्ने प्लाख्तिन्से या खेड्यातला. ब्रातिस्लावाच्या नाट्यशिक्षण संस्थेत ते शिकले, फ्रान्समधल्या नान्सी शहरातही काही काळ राहिले. परत आले ते ‘दिवाद्लो ना कोर्झे’ या छोट्या थिएटरात. १९६८ साली ब्रातिस्लावाच्या जुन्या शहरात सुरू झालेलं हे थिएटर तिथल्या तरुण नटांचा अड्डा होतं. बेकेटचं ‘वेटिंग फॉर गोदो’ हे नाटक तिथं झालं. स्लोवाकिया तेव्हा कम्युनिस्ट चेकोस्लोवाकियाचा भाग होता. त्याच वर्षी ऑगस्टमध्ये सोव्हिएत रणगाडे देशात घुसले, आणि पुढं ज्याला सरकारनं ‘सामान्यीकरण’ असं गोंडस नाव दिलं तो काळ सुरू झाला. १९७१ मध्ये हे थिएटर बंद करण्यात आलं. नटांना मात्र कोणी उपाशी मारलं नाही. त्यातल्या बऱ्याच जणांना ‘नोवा स्त्सेना’ या मोठ्या सरकारी नाट्यसंस्थेत सामावून घेतलं. क्न्याश्को त्यांपैकीच एक. १९८५च्या सुमाराला ते राष्ट्रीय नाट्यगृहात गेले.

या व्यवस्थेतली मेख नीट पाहायला हवी. थिएटर बंद, पगार चालू. तुमचं व्यासपीठ काढून घ्यायचं आणि तुम्हाला दुसऱ्या, आपल्या मालकीच्या व्यासपीठावर उभं करायचं. वर मानाच्या पदव्या होत्याच: आधी ‘गुणवंत कलावंत’, मग ‘राष्ट्रीय कलावंत’. या पदव्या सरकार द्यायचं, आणि त्या द्यायच्या की नाहीत हेही सरकारच ठरवायचं. सरकारला नटांकडून काय हवं होतं, ते १९७७ मध्ये उघड दिसलं. नाटककार वात्स्लाव हावेल आणि त्यांच्या मित्रांनी मानवी हक्कांसाठी ‘सनद ७७’ काढली, तेव्हा २८ जानेवारीला प्रागच्या राष्ट्रीय नाट्यगृहात कलावंतांना गोळा करून त्या सनदेच्या विरोधात निवेदन वाचून घेतलं गेलं. ते वाचलं एका अभिनेत्रीनं. मग दिवसामागून दिवस वर्तमानपत्रांत सह्यांच्या याद्या छापून आल्या. आपण फक्त हजेरीच्या कागदावर सही केली होती, असं पुढं अनेकांनी सांगितलं. ते खरंही असेल. त्या व्यवस्थेत हजेरी हीच भूमिका होती.

म्हणून म्हणतो, नटानं राजकारणात पडू नये हे वाक्य निदान अशा देशांत निरर्थक आहे. नाट्यगृहाचं छत सरकारचं, दिवे सरकारचे, पगार सरकारचा, आणि संचालक नेमणारा हात मंत्र्याचा. तिथं नट गप्प राहिला तरी ते गप्प राहणं कोणाच्या तरी खात्यावर जमा होतंच.

क्न्याश्कोंनाही ‘गुणवंत कलावंत’ ही पदवी मिळाली होती. १९८९ साली त्यांनी ती परत केली. आपल्याकडं २०१५ मध्ये पुरस्कार परत करणाऱ्या लेखकांची जी टवाळी झाली, ती आठवून वाचकांनी या कृतीकडं पाहावं. एका कागदानं काही होत नाही हे खरंच. पण ज्या राज्यात मान हेच वेसण असते, तिथं ती वेसण स्वतःच्या हातानं काढून परत देण्यात काहीतरी जोखीम असते.

मग नोव्हेंबर आला. १७ तारखेला प्रागमध्ये पोलिसांनी विद्यार्थ्यांना झोडपलं. १९ला ब्रातिस्लावात कलावंतांची सभा भरली आणि ‘हिंसेविरुद्ध जनता’ ही चळवळ जन्माला आली. नाट्यगृहं संपावर गेली, पण दारं उघडी ठेवून. नाटकाऐवजी तिथं चर्चा होऊ लागल्या. स्लोवाक राष्ट्रीय उठावाच्या चौकात रोज संध्याकाळी गर्दी जमू लागली आणि त्या गर्दीचे दोन सूत्रधार होते: पर्यावरण चळवळीतले यान बुदाय आणि नट मिलान क्न्याश्को.

नटच का? चाळीस वर्षं विरोधी पक्ष नसलेल्या देशात लोकांपुढं उभं राहण्याची सवय फार थोड्यांना होती. नटाकडं आवाज होता, थंडीत, सुमार लाउडस्पीकरवरूनही शेवटच्या रांगेपर्यंत पोचणारा. नटाचा चेहरा घरोघरी माहीत होता, कारण ब्रातिस्लावाच्या दूरचित्रवाणी केंद्रावरून सोमवारी रात्री नाटकं दाखवली जात आणि ‘ब्रातिस्लावाचे सोमवार’ देशभर पाहिले जात. आणि नटाकडं इमारत होती, शेकडो खुर्च्यांची, गावातल्या मोक्याच्या जागेवरची. सरकारविरोधी अशा दुसऱ्या कुठल्याही गटाला हे तिन्ही एकत्र मिळालं नसतं. त्या पंधरा दिवसांत नटांनी जे केलं ते दुसरं कोणी करू शकलं असतं असं मला वाटत नाही. १० डिसेंबरला ब्रातिस्लावातून लाखावर माणसं ‘नमस्कार युरोप’ म्हणत सीमेपलीकडं ऑस्ट्रियातल्या हाइनबुर्ग गावापर्यंत चालत गेली. काटेरी कुंपण तोडून जाणाऱ्या त्या गर्दीत गोळीबार झाला नाही, चेंगराचेंगरी झाली नाही. गर्दीला धीर देणं, थांबवणं, हसवणं आणि मग पुढं नेणं हे रंगभूमीचंच कसब.

इथवर कोणाचा आक्षेप नसावा. खरा प्रश्न पुढं सुरू होतो.

डिसेंबर १९८९ मध्ये संघराज्यातल्या स्लोवाकियाच्या नव्या सरकारात सांस्कृतिक मंत्री झाले लाडिस्लाव खुदीक. म्हणजे ‘गावाच्या टोकाचं इस्पितळ’ या मालिकेतले डॉक्टर सोवा. पोलादी पडद्याच्या पलीकडच्या पश्चिम जर्मनीतही ही मालिका तुफान पाहिली गेली होती. त्याआधी १९५९च्या ‘कप्तान दाबाच’ मध्ये नायक, आणि चाळीसच्या दशकापासून राष्ट्रीय नाट्यगृहाचा आधारस्तंभ. पासष्ट वर्षांचा हा भारदस्त गृहस्थ सहा महिने मंत्री राहिला, जून १९९०च्या निवडणुका झाल्या, आणि तो परत रंगभूमीवर गेला. २०१५ मध्ये, नव्वदी ओलांडून वारले.

खुदीक यांचं उदाहरण आदर्श म्हणून दिलं जातं. बोलावलं तेव्हा आले, काम संपल्यावर गेले, खुर्चीला चिकटले नाहीत. मला हे कौतुक अर्धवट वाटतं. खुर्ची सोडणं हा माणसाचा गुण झाला. त्यानं खुर्ची बदलत नाही. सहा महिन्यांच्या हंगामी सरकारातल्या मंत्र्यावर याचं खापर फोडणं अन्यायाचं होईल हे मान्य. तरीही ज्या दिवसांत राज्यघटनेतलं कम्युनिस्ट पक्षाचं नेतृत्व सांगणारं कलमसुद्धा एका झटक्यात काढता आलं, त्या दिवसांत नाट्यगृह मंत्रालयाचं असावं का, हा प्रश्न ऐरणीवर आला नाही. आता मंत्री आपला आहे, मग घाई काय, असं वाटणं स्वाभाविक होतं. ‘आता मंत्री आपला आहे’ या समजुतीनं सांस्कृतिक संस्थांचं जेवढं नुकसान केलं तेवढं सेन्सॉरनं केलं नसेल.

क्न्याश्को मात्र परत गेले नाहीत. राष्ट्राध्यक्ष झालेल्या हावेल यांचे सल्लागार, मग संघराज्याच्या संसदेत खासदार, मग स्लोवाक सरकारात परराष्ट्र संबंधांचे मंत्री. आणि तिथं त्यांच्या आयुष्यातला तो अध्याय येतो, ज्याबद्दल त्यांचे चाहते फार बोलत नाहीत. व्लादिमिर मेचिआर हा वकील जानेवारी १९९० मध्ये ‘हिंसेविरुद्ध जनता’कडूनच गृहमंत्री झाला होता आणि निवडणुकीनंतर स्लोवाकियाचा पंतप्रधान. वर्षभरात चळवळीच्या नेतृत्वाचं आणि त्याचं बिनसलं. मार्च १९९१ मध्ये क्न्याश्को टीव्हीवर आले आणि पंतप्रधानांच्या भाषणावर चळवळीतले लोक सेन्सॉरशिप आणू पाहत आहेत, असं त्यांनी देशाला सांगितलं. चळवळ फुटली. मेचिआरचा नवा पक्ष उभा राहिला, त्याच्या संस्थापकांत क्न्याश्को होते, आणि जून १९९२ मध्ये तो पक्ष प्रचंड मतांनी निवडून आला.

ज्या आवाजानं सोळा महिन्यांपूर्वी चौकात लोकांना धीर दिला होता, त्याच आवाजानं हे सांगितलं. म्हणून लोकांनी ते मानलं. ते खोटं बोलत होते असं मी म्हणत नाही. त्यांना तेव्हा ते मनापासून पटलं असणार. पण धोका नेमका इथंच असतो. प्रशिक्षित आवाज मजकुराची पारख करत नाही, कुठल्याही संहितेला तो सारखंच वजन देतो. चौकात उभ्या असलेल्या माणसाला आवाजाचा खरेपणा कळतो, मजकुराचा कळतोच असं नाही. वकील, प्राध्यापक, संपादक यांच्या शब्दांवर लोक निदान थोडा संशय घेतात. ज्याला वर्षानुवर्षं सोमवारी रात्री घरात घेतलं, त्याच्यावर कोण संशय घेणार?

१ जानेवारी १९९३ला स्लोवाकिया स्वतंत्र झाला आणि क्न्याश्को त्याचे पहिले परराष्ट्रमंत्री ठरले. मार्चमध्ये मेचिआरनं त्यांना काढायला लावलं. एका वर्षानं, मार्च १९९४ मध्ये, मेचिआरचं सरकार पाडणाऱ्यांत क्न्याश्को आणि त्यांच्याबरोबर पक्षाबाहेर पडलेले होते. शरदातल्या निवडणुकीत मेचिआर परत आला, आणि पुढची चार वर्षं स्लोवाकियाला फार महाग पडली.

त्या चार वर्षांतली एक गोष्ट या लेखाच्या कामाची आहे. राष्ट्रीय नाट्यगृहाचे महासंचालक तेव्हा दुशान याम्रिख होते, तेही नटच. १९९६ मध्ये सांस्कृतिक मंत्री इव्हान हुदेत्स यांनी त्यांना काढून टाकलं आणि नाट्यगृहाची रचनाच बदलायला घेतली. नट रस्त्यावर आले, सभा झाल्या, पत्रकं निघाली. १९९८ मध्ये मेचिआर गेला, मिकुलाश झुरिंदा यांचं सरकार आलं आणि सांस्कृतिक मंत्री झाले मिलान क्न्याश्को. त्यांच्या कारकिर्दीत याम्रिख पुन्हा आपल्या जागेवर आले. न्याय झाला. टाळ्या पडल्या असतील.

मी मात्र त्या टाळ्यांच्या पुढं काय झालं ते शोधतो. क्न्याश्को पूर्ण चार वर्षं, २००२पर्यंत त्या खुर्चीत होते. त्या काळात प्रसारणाचा नवा कायदा आला, वारसास्थळांच्या संरक्षणाचा कायदा आला, दोन्ही गरजेचे होते. पण राष्ट्रीय नाट्यगृह मंत्रालयाच्या ताब्यातली संस्था होतं ते तसंच राहिलं. महासंचालक नेमण्याचा आणि काढण्याचा अधिकार मंत्र्याकडं होता, तो मंत्र्याकडंच राहिला. ज्या अधिकारानं हुदेत्स यांनी याम्रिखना घालवलं, त्याच अधिकारामुळं त्यांना परत आणणंही शक्य झालं, आणि बहुधा म्हणूनच तो अधिकार कोणाला टोचला नाही. बावीस वर्षांनी शिम्कोविचोवा बाईंनी कपाट उघडलं तेव्हा हत्यार जागच्या जागी होतं.

माझा क्न्याश्कोंवरचा मुख्य आक्षेप हाच आहे. मेचिआरला साथ दिली ही त्यांची चूक मोठी होती, पण ती त्यांनी स्वतः पुसून काढण्याचा प्रयत्न केला. १९९८ नंतरची चूक शांतपणे, सद्हेतूनं झाली, आणि म्हणून तिचा हिशोब कोणी मागितला नाही. रंगभूमीचं दुखणं आतून जाणणारा माणूस चार वर्षं मंत्री होता. मंत्री बदलला तरी नाट्यगृहाच्या केसाला धक्का लागणार नाही अशी तजवीज त्याच्याकडून व्हायला हवी होती. एखाद्या रुक्ष कारकुनाकडून ती अपेक्षा मी केली नसती.

यावर एक आक्षेप येतो आणि तो रास्त आहे. नाट्यगृह जनतेच्या पैशावर चालतं. निवडून आलेल्या मंत्र्याला त्यावर काहीच अधिकार नसेल, तर कलावंतांची मक्तेदारी होईल, त्यांचे हेवेदावे, त्यांची कंपूबाजी. खरं आहे. नाटकवाल्यांच्या कंपूबाजीबद्दल मराठी वाचकाला वेगळं सांगायची गरज नाही. पण पैशाचा हिशोब मागणं आणि माणूस हवा तेव्हा काढणं या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. ठरावीक मुदतीची नेमणूक, काढण्याची कारणं कायद्यात लिहिलेली, मधे एखादं नियामक मंडळ आणि वर लेखापरीक्षण, एवढ्यानं पैशाचा प्रश्न सुटतो. न्यायाधीशांना पगार सरकारच देतं, म्हणून कायदामंत्री त्यांना दुपारी बोलावून घरी पाठवत नाही.

असं काही करणं अशक्य होतं असंही नाही. स्लोवाकियात २०१४ साली कला साहाय्य निधीचा कायदा झाला आणि २०१६पासून अनुदानाचं वाटप मंत्रालयाच्या टेबलावरून उठून तज्ज्ञांच्या समित्यांकडं गेलं. गंमत म्हणजे हे करणारे मारेक मादारिच ना चौकातले नायक होते ना नट. रॉबर्ट फीत्सो यांच्या ‘स्मेर’ पक्षाचे, म्हणजे आज ज्यांच्या सरकारात शिम्कोविचोवा बाई आहेत त्याच पक्षाचे ते मंत्री. २०२४च्या उन्हाळ्यात फीत्सो सरकारनंच तो कायदा बदलला, निधीच्या मंडळावर मंत्र्याची माणसं वाढवली आणि तज्ज्ञांचा शब्द डावलण्याची सोय करून घेतली. म्हणजे कायदा केला की झालं, असंही नाही. पण फरक पाहा. द्रलिच्कांना काढायला एक कागद पुरला. निधीवर कब्जा करायला संसदेत विधेयक आणावं लागलं, चर्चा झाली, मतं मोजावी लागली, विरोध करणाऱ्यांना वेळ मिळाला.

आपल्याला हा सगळा प्रकार दूरचा वाटू नये. फेब्रुवारी २०१९ मध्ये मुंबईच्या राष्ट्रीय आधुनिक कला संग्रहालयात प्रभाकर बरवे यांच्या चित्रप्रदर्शनाच्या उद्घाटनाला अमोल पालेकर बोलायला उभे राहिले. स्थानिक कलावंतांच्या सल्लागार समित्यांना डावलून प्रदर्शनांचे निर्णय दिल्लीच्या मंत्रालयाकडं गेल्याबद्दल ते बोलू लागले, आणि भाषणात त्यांना पुन्हा पुन्हा अडवण्यात आलं. नंतर वाद रंगला तो पालेकरांना अडवावं की नाही, त्यांनी त्या कार्यक्रमात ते बोलावं की नाही यावर. त्या समित्यांचं पुढं काय झालं, हे किती जणांनी विचारलं? नट बोलला याची बातमी होते. तो ज्याबद्दल बोलला तो कंटाळवाणा, नियमावलीतला मुद्दा मागं राहतो.

क्न्याश्को २०१४ मध्ये राष्ट्राध्यक्षपदाला उभे राहिले, सुमारे तेरा टक्के मतं घेऊन चौथे आले. त्याच वर्षी ब्रातिस्लावाच्या महापौरपदाची निवडणूकही हरले. मधल्या काळात एका खासगी टीव्ही वाहिनीचे प्रमुख होते, अमेरिकी भयपटात खलनायकाच्या कंपूतलं कामही करून झालं. त्यात हसण्यासारखं काही नाही. नटाचा तो पोटापाण्याचा धंदा आहे, आणि मंत्रिपदाहून तो जास्त काळ टिकतो.

आज ब्रातिस्लावात जे तरुण नट प्रयोगानंतर निवेदनं वाचतात, त्यांच्यात उद्याचा क्न्याश्को असेलच. आवाज असेल, चेहरा असेल, आणि २०२७च्या निवडणुकीत सत्ता बदलली तर कोणीतरी त्याला खातंही देऊ करेल. त्यानं ते घ्यावं. माझं त्यावर काही म्हणणं नाही. फक्त शपथ घेतल्यावर त्याच्या टेबलावर पहिल्या आठवड्यात कुठला कागद येतो, ते मला पाहायचं आहे: द्रलिच्कांना परत बोलावण्याचा, की मंत्र्याला द्रलिच्कांना असं काढता येतं ते कलमच रद्द करण्याचा.